चिनी यात्रेकरू ह्युएनत्संग

आपल्या कुडाळाजवळील नेरूर येथें आणि वेंगुर्ल्याकडील कोचरें येथें फार जुने ताम्रपट सांपडले आहेत. चालुक्य घराण्यांतील विजयभट्टारिका नांवाच्या राणीनें दिलेल्या दानांची त्यांत नोंद आहे. ही राणी म्हणजे इतिहासांत दुसरा पुलकेशी या नांवानें प्रसिद्ध असलेल्या राजाची सून. ताम्रपट हें बोलून चालून दानपत्र. राजवंशाची थोरवी, दान घेणाराचें नांव आणि दिलेली जमीन, एवढेंच त्यांत यावयाचें. त्या वेळीं या देशांतील माणसें स्वभावानें कशीं होतीं, जमीन कशी होती, शत्रु शरण आला असतां त्याला कसें वागवीत, हें तांब्याच्या पत्र्यावर कोण कोरून ठेवणार? तें आपणांस एका परक्या मनुष्याकडून कळलें. तो चीन देशाचा बौद्ध भिक्षु होता. इ. स. ६४० च्या सुमारास तो महाराष्ट्रांतून गेला आणि मायदेशीं परतल्यावर प्रवासाची सर्व हकीगत त्यानें लिहवून ठेविली. त्याच्या नांवाचा उच्चार निरनिराळे ग्रंथकार निरनिराळा करितात. शाळांच्या पुस्तकांत रूढ झालेलें ह्युएनत्संग हेंच नांव येथें घेतलें आहे.

ज्या देशांत हा पुरुष जन्मला त्या देशाविषयीं आधीं थोडें सांगितलें पाहिजे. चिनी संस्कृति जगांतील अत्यंत प्राचीन संस्कृतींपैकीं एक असून, लेखनाची परंपरा तिच्यांत तीन हजारांहून अधिक वर्षें अखंड चालत आली आहे. कन्फ्यूशियस (इ. स. पू. ५५१ ते ४७९) या गुरूनें आईबापांविषयीं आदर, विद्येची आवड आणि राज्यकर्त्याचें शुद्ध आचरण यांवर समाजाची उभारणी करण्याचा उपदेश केला, व पुढें त्याच्या संप्रदायाचे ग्रंथ हेच सरकारी अधिकाऱ्यांचे पाठ्यग्रंथ झाले. इ. स. १०५ सालीं त्साइ लुन नांवाच्या दरबारी अधिकाऱ्यानें झाडांच्या साली, चिंध्या व मासे धरण्याचीं जुनीं जाळीं यांच्या लगद्यापासून कागद करण्याची कृति बादशहास सादर केली. जुन्या जाळ्यांपासून ग्रंथ होतात हें ऐकून आमच्या रापणकरांच्या मुलांस मौज वाटेल! पुढें कागद सर्वत्र मिळूं लागला आणि लिहून ठेवण्याची संवय त्या राष्ट्राच्या अंगीं मुरली. एक राजवंश गेला म्हणजे पुढच्यानें मागच्याचा इतिहास सनावार लिहवून घ्यावयाचा, असा तेथें परिपाठ पडला. आमच्याकडे विद्या मुख्यतः मुखोद्गत असे. जें लिहावयाचें तें ताडपत्रावर किंवा भूर्जपत्रावर, आणि दमट हवेंत व वाळवीच्या तोंडीं तें किती टिकणार? एवढा भेद ध्यानांत घेतला म्हणजे आमच्या देशाची हकीगत चिनी माणसाच्या पोथींत कां सांपडते याचा उलगडा होतो.

ह्युएनत्संगाचा जन्म इ. स. ६०२ च्या सुमारास, हल्लींच्या होनान प्रांतांत, लोयांग शहराजवळ झाला. घराण्याचें नांव चेन. आजा राजधानींतील विद्यापीठांत अध्यापक होता. बाप कन्फ्यूशियसच्या ग्रंथांचा व्यासंगी. स्वे घराण्याचें राज्य मोडकळीस आलेलें पाहून तो सरकारी नोकरीच्या भरीस न पडतां घरीं वाचन करीत बसे. चार भावांत ह्युएनत्संग सर्वांत धाकटा. तो आठ वर्षांचा असतां बाप त्याला पितृभक्तीवरील एक प्राचीन ग्रंथ शिकवीत होता. गुरु बोलूं लागतांच शिष्य आसनावरून उठून उभा राहिला, असा त्यांत प्रसंग आहे. तो ऐकतांच हा मुलगा कपडे सांवरून उभा राहिला. बापानें कारण विचारलें तेव्हां त्यानें सांगितलें कीं, गुरूचा शब्द तो शिष्य उभ्यानें ऐकतो, तर वडिलांचा शब्द आपण बसून ऐकणें शोभत नाहीं.

त्याचा दुसरा भाऊ लोयांग येथील एका मठांत भिक्षु होता. बाप वारल्यावर तो धाकट्यास आपल्याबरोबर मठांत नेऊं लागला. तेराव्या वर्षीं ह्युएनत्संगानें दीक्षा घेण्याचें मनांत आणिलें. पण सरकारी निवडीस त्याचें वय पुरें पडेना. तेव्हां तो कचेरीच्या दाराशीं नुसता उभा राहिला, आणि निवड करणाऱ्या अधिकाऱ्यानें त्याची चर्या व उत्तरें पाहून त्याला घेतलें. इ. स. ६१८ सालीं स्वे घराणें नष्ट होऊन थांग घराण्याचें राज्य सुरू झालें. त्या धामधुमींत दोघे भाऊ राजधानी चांगआन येथें व तेथून पश्चिमेकडील चेंगतू शहरीं गेले. तेथेंच विसाव्या वर्षीं ह्युएनत्संगास पूर्ण दीक्षा मिळाली.

आतां त्याच्या मनाला एक रुखरुख लागली. एका पंडिताचें म्हणणें दुसऱ्याशीं जुळेना. ग्रंथ उघडावे तर ते सगळे भाषांतरित, आणि तीं भाषांतरेंहि परस्परांशीं जुळत नव्हतीं. संस्कृत भाषा विभक्तिप्रत्ययांनीं भरलेली, चिनी भाषेंत शब्दाला विकारच नाहीं. त्यांतून कित्येक ग्रंथ अर्धेच आलेले. साधारण मनुष्यानें यांपैकीं एक भाषांतर पसंत करून समाधान मानलें असतें. ह्युएनत्संगानें ठरविलें कीं, मूळ ग्रंथ जेथें आहेत तेथें जावें, त्यांची भाषा शिकावी आणि ते घेऊन यावें. विशेषतः योगाचारभूमिशास्त्र हा ग्रंथ संपूर्ण मिळावा अशी त्याची उत्कंठा होती. त्याच्यापूर्वीं दोनशें वर्षें फाहियान नांवाचा भिक्षु असाच हिंदुस्थानास जाऊन आला होता.

थांग बादशहा थायत्सुंग नुकताच गादीवर आला होता व सरहद्दीबाहेर जाण्यास प्रजेला मनाई होती. ह्युएनत्संगानें परवानगी मागितली, ती मिळाली नाहीं. अखेर इ. स. ६२९ च्या सुमारास तो परवानगीवांचून निघाला. दिवसा लपावें, रात्रीं चालावें, असें करीत तो सरहद्दीवरील ठाण्यापर्यंत पोहोंचला. पुढें ओसाड प्रदेशांत पहाऱ्याचे पांच बुरूज होते आणि पाणी कायतें त्या बुरुजांपाशींच. वाटेंत एका म्हाताऱ्यानें त्याला आपला हडकुळा तांबडा घोडा दिला. तो पंधरा वेळां वाळवंट ओलांडून आला होता. बरोबर घेतलेला वाटाड्या रात्रीं सुरी उपसून जवळ येऊं लागला, म्हणून त्याला परत लावून दिलें. पहिल्या बुरुजाशीं पाणी भरतांना बाण सणसणत येऊन गुडघ्याजवळून गेला. सुदैवानें तेथील नायक बुद्धाचा भक्त निघाला आणि त्यानें पुढची वाट सांगितली. नंतरच्या वाळवंटांत पाण्याची पखाल हातांतून निसटून सगळें पाणी वाळूंत गेलें. तो मागें फिरला. थोडी वाट चालूनहि गेला. मग त्याला आपला निश्चय आठवला आणि घोड्याचें तोंड त्यानें पुन्हा पश्चिमेकडे वळविलें. चार रात्री व पांच दिवस घशांत पाण्याचा थेंब नव्हता. शेवटीं त्या म्हाताऱ्या घोड्यानेंच वाट सोडून त्याला गवत व पाणी असलेल्या जागीं नेलें.

तुर्फान येथील राजाच्या प्रेमाचें संकट याहून निराळें होतें. राजानें त्याला आपल्या राज्यांत कायमचा ठेवून घेण्याचा हट्ट धरिला. ह्युएनत्संगानें तीन दिवस अन्नपाणी वर्ज्य केलें, तेव्हां राजा वरमला. परततांना तीन वर्षें येथें राहीन असें वचन घेऊन त्यानें सोनें, तीस हजार रौप्य नाणीं, रेशमाचे पांचशें तागे, तीस घोडे आणि वाटेवरील चोवीस राजांना पत्रें देऊन त्याला निरोप दिला. हें वचन पाळण्याचा प्रसंग मात्र आला नाहीं. ह्युएनत्संग हिंदुस्थानांत असतांनाच, इ. स. ६४० सालीं, तो राजा वारला आणि त्याचें राज्य चिनी फौजांनीं घेतलें.

पुढें थ्येनशान पर्वताच्या बर्फांत बरोबरच्या माणसांपैकीं दहांत तीन-चार मृत्युमुखीं पडलीं. समरकंद, बामियान (तेथील डोंगरांत कोरलेल्या प्रचंड बुद्धमूर्तींचें त्यानें वर्णन केलें आहे, त्या मूर्ति इ. स. २००१ सालीं उडवून देण्यांत आल्या), गांधार या मार्गानें तो काश्मिरास आला. तेथें दोन वर्षें संस्कृत ग्रंथांचा अभ्यास करून गंगेच्या कांठानें मगधास गेला. वाटेंत चांच्यांनीं त्याला दुर्गेपुढें बळी देण्यासाठीं धरिलें होतें, पण ऐन वेळीं वादळ उठल्यामुळें ते घाबरले व त्याचा जीव वांचला.

नालंदा हें त्या काळीं आशियांतील सर्वांत मोठें विद्यापीठ. अनेक गांवांचें उत्पन्न त्याला लावून दिलें होतें. दारावरचा पंडित प्रश्न विचारी आणि उत्तर न देतां आलें तर विद्यार्थी बाहेरूनच परत जाई. मुख्य आचार्य शीलभद्र शंभरीच्या घरांत आलेले होते. ज्या ग्रंथासाठीं हा मनुष्य हजारों कोस आला, तो योगाचारभूमिशास्त्र ग्रंथ त्यांनीं स्वतः त्याला शिकविला. सुमारें पांच वर्षें त्यानें येथें काढिलीं. व्याकरण, तर्कशास्त्र व ब्राह्मणांचे ग्रंथहि त्यानें सोडले नाहींत. ज्या मतांचें खंडन करावयाचें तीं मतें त्यांच्याच ग्रंथांतून नीट शिकून घेण्याची ही रीत आपण ख्रिस्ती शिक्षकांनींहि घेण्यासारखी आहे.

नालंदा सोडून तो बंगाल, ओरिसा, आंध्र अशा मार्गानें कांचीपर्यंत गेला आणि तेथून उत्तरेकडे वळून कोंकणपुर नांवाच्या नगरास आला. नांवावरून आपल्या मुलांस उगाच अभिमान वाटूं नये. तें नगर किनाऱ्यावर नसून घाटावर बनवासीच्या बाजूस असावें असें पुष्कळ विद्वानांचें मत आहे. त्या नगराच्या उत्तरेस ताडांचें मोठें वन असून त्यांचीं लांब, रुंद, तुकतुकीत पानें हिंदुस्थानांत सगळीकडे लिहिण्यास वापरतात, असें त्यानें नमूद केलें आहे. कागदाच्या देशांतून आलेल्या मनुष्याची नजर नेमकी त्या पानांवर गेली. तेथून वायव्येस, श्वापदांनीं व लुटारूंनीं भरलेलें एक मोठें अरण्य ओलांडून तो महाराष्ट्रांत आला.

महाराष्ट्राचें नांव त्याच्या पुस्तकांत मो-हो-ला-च असें चिनी अक्षरांत आहे आणि पुलकेशीचें पु-लो-कि-शे. राजधानी एका मोठ्या नदीच्या कांठीं होती असें तो म्हणतो. पुष्कळांच्या मतें तें नाशिक. जमीन सुपीक व नीट कसलेली, हवा उष्ण, लोक उंच, साधे आणि प्रामाणिक. उपकार करणाराचे ते ऋणी राहतात. अपमान करणाराला सोडीत नाहींत, पण सूड घेण्यापूर्वीं शत्रूस तसें कळवितात, म्हणजे त्यालाहि शस्त्र घेण्यास अवधि मिळतो. पळणाराचा पाठलाग करितात. शरण आलेल्यास मारीत नाहींत. संकटांत सांपडलेल्यानें हांक मारली तर स्वतःचा विचार न करितां धांवतात. हार खाऊन आलेल्या सेनापतीस शिक्षा नाहीं, त्याला स्त्रियांचीं वस्त्रें देतात, आणि तो लज्जेनें स्वतःच प्राण देतो. उत्तरेचा सम्राट् हर्ष याला पूर्वेपासून पश्चिमेपर्यंत सर्वांनीं मान लवविली, पण या लोकांनीं लवविली नाहीं, हेंहि त्यानें लिहिलें आहे. आणि तो तर हर्षाचा पुढें सन्मान्य पाहुणा झाला!

हा उतारा आमचे वक्ते सभेंत मोठ्या आवेशानें सांगतात. पण त्याच पानावर आणखी एक गोष्ट आहे, ती ते गाळतात. युद्धापूर्वीं येथील कित्येक शेंकडे योद्धे दारू पिऊन धुंद होत, हत्तींनाहि दारू पाजीत, आणि मग ते मदोन्मत्त हत्ती शत्रूवर सोडीत. त्यामुळें राजा शेजाऱ्यांस तुच्छ लेखी, असेंहि यात्रेकरूनें नोंदविलें आहे. तो आमची स्तुति करण्यास आला नव्हता आणि निंदा करण्यासहि नाहीं. पाहिलेलें व ऐकिलेलें दोन्ही लिहून तो पुढें गेला, म्हणूनच त्याच्या साक्षीला मोल. देशाच्या पूर्व सीमेवर काळोख्या दरींत कोरलेला विहार, त्याच्या दाराशीं दोन बाजूंस दगडी हत्ती, आंत प्रचंड बुद्धमूर्ति, असें जें त्यानें वर्णिलें आहे तें अजिंठ्याचें होय.

त्याच्या साक्षीला पुष्टि देणारा पुरावा दगडावर आहे. ऐहोळे येथील इ. स. ६३४ च्या शिलालेखांत रविकीर्ति कवीनें पुलकेशीनें हर्षास हरविल्याचें सांगितलें आहे. पुलकेशीनें शेंकडों जहाजें घेऊन पश्चिम समुद्रावरील पुरी नगरी घेतली, व त्याच्या चुलत्यानें रेवतीद्वीप, म्हणजे आपलें रेडी, घेतलें, हेंहि त्याच लेखांत आहे. परंतु कवि राजाश्रित होता, यात्रेकरू नव्हता. आणि वैभव किती टिकलें? ह्युएनत्संग ज्या कांचीहून महाराष्ट्रांत आला, त्याच कांचीच्या पल्लव राजानें इ. स. ६४२ च्या सुमारास पुलकेशीची राजधानी बदामी जिंकली, आणि त्यांतच पुलकेशीचा अंत झाला असें इतिहासकार मानतात.

माळवा, सिंध करून ह्युएनत्संग पुन्हा नालंदास आला. इ. स. ६४३ सालीं कनोज येथें हर्षानें भरविलेल्या मोठ्या सभेंत त्यानें आपल्या मताचें मंडन केलें. मग निरोप घेऊन तो स्वदेशीं निघाला. सिंधु नदी ओलांडतांना नाव वादळांत सांपडली आणि पन्नास हस्तलिखितें व जमविलेलें फुलांचें बियाणें वाहून गेलें. हर्षानें दिलेला हत्ती पुढें डोंगरांत बुडाला. खोतान येथें थांबून त्यानें बादशहास पत्र लिहिलें व परवानगीवांचून देश सोडल्याचा गुन्हा आपण होऊन कळविला. बादशहानें त्याला सन्मानानें येण्याची आज्ञा केली. इ. स. ६४५ च्या आरंभीं वीस घोड्यांवर ६५७ ग्रंथ लादून तो चांगआन नगरांत शिरला. जातांना चोरासारखा गेला होता. येतांना रस्ते माणसांनीं इतके फुलले कीं पुढें सरकतां येईना.

याच नगरांत तो परदेशीं असतांना आणखी एक घटना घडली होती, ती या अंकाच्या वाचकांस ठाऊक असावी. इ. स. ६३५ सालीं अलोपेन नांवाचा ख्रिस्ती धर्मोपदेशक पश्चिमेकडून आपले धर्मग्रंथ घेऊन चांगआन येथें आला. त्याच बादशहानें ते ग्रंथ राजवाड्यांतील ग्रंथालयांत भाषांतरित करविले, आणि इ. स. ६३८ सालीं ख्रिस्ती मठास परवानगी दिली. इ. स. ७८१ मध्यें कोरलेल्या एका शिलालेखांत ही हकीगत आहे. अलोपेनाचें स्वागत करणारा मंत्री फांग श्वानलिंग यानेंच दहा वर्षांनीं ह्युएनत्संगाच्या स्वागताची व्यवस्था केली.

बादशहानें त्याला सरकारांत मोठें पद देऊं केलें; तें त्यानें नाकारिलें. मात्र बादशहाच्या इच्छेप्रमाणें प्रवासवृत्त सिद्ध केलें. बारा भागांचा तो ग्रंथ इ. स. ६४६ सालीं पुरा झाला. त्यांत शंभरावर देशांचीं अंतरें, दिशा, पिकें, चालीरीती व धर्म यांची नोंद आहे. यानंतरचीं जवळजवळ एकोणीस वर्षें तो भाषांतर करीत बसला. लोक त्याचा प्रवास आठवतात, पण त्याचें खरें आयुष्य तें हेंच. एकानें मूळ वाचावें, एकानें अर्थ तपासावा, एकानें चिनी वाक्य घोटावें, असे अनेक पंडित त्याच्या हाताखालीं काम करीत. ग्रंथांच्या रक्षणासाठीं इ. स. ६५२ मध्यें विटांचा मनोरा बांधण्यास घेतला तेव्हां पन्नाशीचा हा भिक्षु स्वतः विटा वाहत असे.

शब्दाच्या बाबतींत तो कोणाची भीड धरीत नसे. बादशहाच्या आज्ञेनें चिनी तत्त्वज्ञ लाओत्सू याचा ग्रंथ संस्कृतांत करावयाचा होता. त्यांतील मुख्य शब्द ‘ताओ’. त्यासाठीं ‘बोधि’ हा शब्द घालावा असा त्या पंथाच्या पंडितांचा आग्रह पडला. तेणेंकरून दोन्ही धर्म एकच दिसले असते. ह्युएनत्संगानें ‘मार्ग’ हाच शब्द ठेविला, कारण मूळ शब्दाचा अर्थ तोच. महाप्रज्ञापारमिता हा ग्रंथ तर इतका मोठा कीं त्याचे चिनींत सहाशें भाग झाले. त्यांत पुनरुक्ति फार, म्हणून शिष्यांनीं संक्षेप करण्याची विनंति केली. त्याचेंहि मन क्षणभर तिकडे वळलें. पण रात्रीं भयंकर स्वप्नें पडलीं, आणि त्यानें एक अक्षर न गाळण्याचें ठरविलें. (परीक्षेच्या महिन्यांत संक्षिप्त आवृत्त्या शोधीत हिंडणाऱ्या आमच्या विद्यार्थ्यांना असलीं स्वप्नें पडत नाहींत.) इ. स. ६६० पासून ६६३ पर्यंत, शरीर थकलेलें असतांना, त्यानें तो ग्रंथ तडीस नेला. पंडिता रमाबाईंनीं संपूर्ण बायबल मराठींत आणण्यासाठीं उतारवयांत हिब्रू व ग्रीक भाषांचा अभ्यास केला आणि इ. स. १९२२ सालीं मृत्यु येईपर्यंत मुद्रितें तपासलीं, हें आपल्या घरच्या वडीलमाणसांस ठाऊक आहे. दोघांचे धर्म निराळे, पण मूळ ग्रंथाविषयींचा धाक एकच.

इ. स. ६५२ सालीं मगधांतील भिक्षूंचें पत्र व भेट म्हणून पाठविलेलें सुती कापड घेऊन एक मनुष्य चीनला आला. ह्युएनत्संगानें इ. स. ६५४ मध्यें उत्तर धाडिलें. आचार्य शीलभद्र वारल्याचें त्याला कळलें होतें; त्याचा शोक त्यानें त्या पत्रांत लिहिला. आणि सिंधूंत बुडालेल्या ग्रंथांची यादी जोडून, जमल्यास त्यांच्या प्रती पाठवाव्या अशी विनंति केली. नाव उलटून दहा वर्षें झालीं होतीं.

इ. स. ६६४ सालीं तो मरण पावला. ७५ ग्रंथांचे १३३५ भाग त्यानें चिनींत आणिले होते. चिनी लोकांनीं पुढें त्याच्यावर अनेक कथा रचिल्या, आणि माकड व डुक्कर हे ज्याचे सोबती आहेत अशी एक प्रसिद्ध कादंबरीहि सोळाव्या शतकांत झाली. इकडे नालंदा बाराव्या शतकाच्या अखेरीस उद्ध्वस्त झालें, आणि ज्यांचें त्यानें भाषांतर केलें त्यांपैकीं अनेक ग्रंथांचें संस्कृत मूळ नाहींसें होऊन चिनी भाषांतरच काय तें उरलें. एवढें मोठें विद्यापीठ कोठें होतें याचाहि आम्हांस विसर पडला. इ. स. १८६१-६२ च्या सुमारास जनरल कनिंगहॅम यांनीं ह्युएनत्संगानें लिहिलेलीं अंतरें व दिशा ताडून पाहून बिहारांतील बडगांव येथील टेंकाडें म्हणजेच नालंदा, अशी ओळख पटविली. पुढें तेथें खणतांना विहारांच्या भिंती, दारें, भिक्षूंच्या खोल्या उघड्या पडल्या.

त्याच्या अस्थींचा एक अंश चीनमधील नानकिंग शहरीं जतन करून ठेविलेला होता. त्यांतील भाग चिनी सरकारनें हिंदुस्थानास दिला, आणि इ. स. १९५७ च्या जानेवारींत पंडित जवाहरलाल नेहरूंनीं तो नालंदा येथें स्वीकारिला.